चूल एक, पंगती दोन

मोटारींच्या जगात घराण्यांना फार मान आहे. गवयांची घराणी असतात, सरदारांची असतात, तशीच मोटारींचीही असतात. आणि अमुक गाडी मुळात कुणाच्या घरातली, हे सांगताना जाणकारांचा आवाज हटकून थोडा खाली येतो. लेक्सस टोयोटाच्या घरातली, ऑडी फोक्सवॅगनच्या, कॅडिलॅक जनरल मोटर्सच्या, लिंकन फोर्डच्या. आणि जग्वार? हे नाव घेताना पुणेकराची मान किंचित ताठ होते. जग्वार आमच्या टाटांच्या घरातली! तसे पाहिले तर यांतली एकही गाडी माझ्या दारात कधी उभी राहिलेली नाही, आणि आता या वयात राहण्याचा संभवही नाही. पण दुसऱ्याच्या श्रीमंतीविषयी कुतूहल वाटायला स्वतःच्या पदरी पैसा असावा लागतो असे थोडेच आहे? उलट, ज्याच्या दारी हत्ती नाही तोच हत्तीच्या चाऱ्याचा हिशेब करीत बसतो.

मला पडणारा प्रश्न असा : मालक एक, तिजोरी एक, कित्येकदा कारखानाही एक, मग एका गाडीच्या नाकावर एक नाव आणि दुसरीच्या नाकावर दुसरे, असे का? आणि त्या दुसऱ्या नावासाठी माणसे दुप्पट पैसे आनंदाने कशी मोजतात? दिसायला हा प्रश्न व्यापाऱ्यांचा आहे. मला मात्र तो पहिल्यापासून घरगुती वाटत आला आहे.

आमच्या जुन्या वाड्यात लग्नामुंजीला दोन पंगती बसत. पहिली व्याह्यांची आणि पाहुण्यांची. तिला पाट, रांगोळ्या, उदबत्त्या, केळीची पाने आणि शेजारी चांदीचे तांब्याभांडे. दुसरी घरच्यांची. तिला पत्रावळी, आणि जागा मिळेल तिथे मांडी. पण भात एकाच चुलाणावर शिजलेला असे आणि आमटीही एकाच तपेल्यातली. आजी मुदपाकखान्याच्या दारात उभी असे, आणि तिचे दोन कायदे होते. पहिला : चूल एक असली तरी पंगत पंगतीसारखी वाढायची, व्याह्यांच्या नजरेला तपेले पडता कामा नये. दुसरा : पाहुणे उठले म्हणून मागच्या पंगतीच्या आमटीत पाणी घालायचे नाही. मोटारींच्या मोठमोठ्या कंपन्यांचे इतिहास मी जेव्हा वाचतो, तेव्हा या दोन कायद्यांपलीकडे तिथे फारसे काही घडलेले मला दिसत नाही. कुणी पहिला मोडला, कुणी दुसरा.

पहिला कायदा पाळावा तो जपान्यांनी. १९८३ साली टोयोटाचे प्रमुख एइजी तोयोदा यांनी आपल्या माणसांना गुप्त बैठकीत विचारले, की जगातल्या उत्तमोत्तम गाड्यांच्या तोडीची गाडी आपल्याला करता येईल काय? पुढे सहा वर्षे त्या एका प्रश्नावर काम चालले. इचिरो सुझुकी नावाच्या मुख्य अभियंत्याच्या हाताखाली चौदाशेच्या वर अभियंते राबले आणि नमुन्याच्या सुमारे साडेचारशे गाड्या बांधून झाल्या. १९८९ च्या जानेवारीत डेट्रॉइटच्या प्रदर्शनात ती गाडी उभी राहिली, तेव्हा तिच्या अंगावर टोयोटाचे नाव कुठेही नव्हते. नाव होते लेक्सस. दुकाने वेगळी, विक्रेते वेगळे, बसायला घालायच्या खुर्च्यासुद्धा वेगळ्या.

त्याच वर्षाच्या डिसेंबरात या नव्या गाडीत काही बारीकसारीक दोष निघाले. विकलेल्या गाड्या आठ हजारांच्या घरात होत्या. लेक्ससने काय करावे? माणसे पाठवून गिऱ्हाइकांच्या दारातून गाड्या नेल्या, दुरुस्त केल्या, धुऊनपुसून, टाकीत पेट्रोल भरून परत आणून लावल्या. हे सारे वीसेक दिवसांत. व्याह्यांच्या पानात चुकून खडा आला, तर पान बदलून, वर साजूक तूप वाढून, हात जोडून उभे राहण्याची जी रीत, तीच ही. अमेरिकेत लेक्ससचे नाव झाले त्यात त्या आठ हजार पानांचा वाटा मोठा आहे.

आता यातली खरी मौज ऐका. हीच गाडी त्याच वर्षी खुद्द जपानात विकायला आली ती 'टोयोटा सेल्सिअर' या नावाने! घरच्या माणसांपुढे कसला आडपडदा? चूल कुणाची हे त्यांना ठाऊकच होते. लेक्सस हे नाव जपानात आले ते २००५ साली, म्हणजे परदेशात सोळा वर्षे मिरवून झाल्यावर. परगावी नाव कमावून आलेल्या मुलाला घरातलीही माणसे मग 'अहोजाहो' करू लागतात, त्यातलाच हा प्रकार.

पण जपान्यांचीही सगळीच पाने साधली असे नाही. त्या थोर गाडीबरोबर लेक्ससने एक लहान गाडीही दुकानात ठेवली होती. तिचा पिंड टोयोटाच्या कॅम्रीचा, आणि तो पाहणाऱ्याला चटकन ओळखू येई. टीका झाली. दोन वर्षांत तिच्या जागी दुसरी आली. आतून तीही कॅम्रीचीच बहीण, पण रूप वेगळे, आतली शांतता वेगळी, बैठक वेगळी. ती लेक्ससची खूप खपणारी गाडी ठरली. चूल तीच राहिली, वाढणे सुधारले.

अमेरिकेत जनरल मोटर्सला हे वाढणे साधले नाही. वास्तविक पंगतींचे शास्त्र त्यांनीच जगाला शिकवलेले. आल्फ्रेड स्लोन यांनी १९२४ साली धोरणच सांगितले होते, की प्रत्येक खिशाला परवडेल आणि प्रत्येक कामाला चालेल अशी गाडी आपल्याकडे हवी. तळाच्या पायरीवर शेव्हरोले, वरच्या पायरीवर कॅडिलॅक. माणसाची जशी बढती होईल तशी त्याने घरातल्या घरातच एकेक पायरी चढत जावे. आणि याच घराने १९८१ साली सिमरॉन नावाची कॅडिलॅक काढली. ती होती शेव्हरोलेच्या कॅव्हेलियरची सख्खी बहीण, आणि दोघींचा चेहरामोहरा इतका एक, की रस्त्यावरचे पोरही ओळखील. आत कातडी बैठका, बाहेर मानाचे चिन्ह आणि किंमत मात्र कॅडिलॅकची. व्याह्यांना तपेले दिसले ते असे! १९८८ साली सिमरॉन बंद झाली. पण कॅडिलॅकची अप्रतिष्ठा सांगायची झाली की लोक आजही तिचेच नाव घेतात.

जग्वारची कथा याहून गुंतागुंतीची, कारण ती घरात जन्मलेल्या मुलाची नाही, दत्तकाची आहे. विल्यम लायन्स या इंग्रज तरुणाने १९२२ साली ब्लॅकपूलला भागीदाराबरोबर मोटारसायकलींच्या साइडकार करण्याचा धंदा काढला. त्यातून पुढे मोटारी निघाल्या, १९३५ साली त्यांना जग्वार हे नाव मिळाले, आणि देखण्या, वेगवान पण तुलनेने रास्त दराच्या गाड्या म्हणून त्यांची कीर्ती झाली. १९६६ नंतर मात्र विलीनीकरणे होत गेली आणि १९६८ साली जग्वार ब्रिटिश लेलँड या अवाढव्य एकत्र कुटुंबात येऊन पडली. या कुटुंबात भांडी इतकी, की कुठले कुणाचे हेच कळेना.

त्या काळातली एक गोष्ट जग्वारचे अभियंते नंतर सांगत असत. नवी गाडी आखताना त्यांना धास्ती होती, की वरचे लोक उद्या आपल्या गाडीत घरातलेच रोव्हरचे व्ही-आठ इंजिन बसवायला लावतील. म्हणून त्यांनी इंजिनाची जागाच इतकी अरुंद आखली, की ते आडवे इंजिन तिथे मावूच नये! सासूबाईंचा रांजण आत येऊ नये म्हणून सुनेने स्वयंपाकघराचे दारच अरुंद करून घ्यावे, तशातली ही युक्ती. गाडी १९८६ साली बाजारात आली. तोवर जग्वार लेलँडमधून सुटून स्वतंत्रही झाली होती. आणि मग तिला स्वतःचेच बारा सिलिंडरांचे व्ही-इंजिन त्या गाडीत बसवायचे झाले, तर ते मावेना! खटपटी करून ते बसले तेव्हा १९९३ साल उजाडले होते. दुसऱ्यासाठी अरुंद केलेल्या दारातून आपल्यालाही वाकूनच जावे लागते.

दत्तकाचे दुःख मला थोडे जवळून ठाऊक आहे. माझे धाकटे काका वयाच्या नवव्या वर्षी सांगलीकडच्या एका सधन घरी दत्तक गेले. नाव बदलले, आडनाव बदलले, गोत्र बदलले. पुढे ते आमच्याकडे कार्याला येत ते पाहुणे म्हणून, आणि बसत पहिल्या पंगतीत. जुन्या नावाने त्यांना हाक मारायची नाही असा शिरस्ता होता, आणि नवे नाव आजीच्या तोंडी येत नसे. म्हणून ती त्यांना हाकच मारीत नसे, नुसते "आलास?" म्हणे. काकांना त्या घरी काही कमी नव्हते. पण मोठ्या घराने दत्तक घेताना काय काय पुसून घ्यावे आणि काय राहू द्यावे, हा प्रश्न माझ्या मनात तेव्हापासून आहे.

जग्वारला १९८९ साली फोर्डने घेतले, सुमारे अडीच अब्ज डॉलर मोजून. नाव पुसले नाही, पैसाही सढळ हाताने घातला. २००० साली लँड रोव्हरही बीएमडब्ल्यूकडून विकत घेतली. पण २००१ साली जग्वारची एक्स-टाइप निघाली आणि तिचा प्लॅटफॉर्म, म्हणजे गाडीचा तळातला सांगाडा, फोर्डच्या मोंडेओवरून घेतलेला होता. गाडी वाईट नव्हती. पण जग्वार घेणारा येतो तो जग्वारची चाल, जग्वारची ऐट यांसाठी. आणि नेमके तेच आपल्याला शेजाऱ्याच्या मोंडेओतले वाढले जात आहे, अशी त्याची समजूत झाली. जितकी खपेल असे वाटले होते तितकी ती गाडी कधीच खपली नाही.

यावरून कुणी म्हणेल, की सांगाडा उसना घेणे हेच पाप. पण थांबा. त्याच मोंडेओच्या पुढच्या पिढीचा सांगाडा लँड रोव्हरने घेतला आणि त्यावर २००६ साली फ्रीलँडर-२ उभी केली. त्यालाच सुधारून २०११ साली रेंज रोव्हर इव्होक काढली. आणि इव्होकसाठी जगभर गिऱ्हाइकांच्या रांगा लागल्या. कुणीही म्हटले नाही, की ही फोर्डची आहे. का? इव्होकमध्ये जे होते, ते उंच बसणे, तो छिनीने तासल्यासारखा आकार, चिखलातून निघून जाण्याची ती खात्री, ते फोर्डच्या कुठल्याही गाडीत मिळत नव्हते. पाहुणा ज्या पदार्थासाठी आपल्या दारी आला आहे, तो पदार्थ आपल्याच हातचा पाहिजे. बाकी मीठ आणि सरपण कुठून आणले, हे कुणी विचारीत नाही.

या सगळ्यात टाटा आले ते २००८ साली. त्या वर्षाची मला राहून राहून गंमत वाटते. १० जानेवारीला दिल्लीच्या प्रदर्शनात रतन टाटांनी नॅनो दाखवली, एक लाख रुपयांची गाडी. भर पावसात एकाच स्कूटरवर चौघांचे कुटुंब चाललेले पाहून तिची कल्पना सुचली, असे ते सांगत. आणि २६ मार्चला त्यांच्याच कंपनीने जग्वार आणि लँड रोव्हर फोर्डकडून घेण्याचा करार केला, २.३ अब्ज डॉलरना. फोर्डने दोघींना मिळून याच्या दुपटीहून अधिक मोजले होते! एका घरात एकाच वर्षी जगातली सर्वांत स्वस्त मोटार आणि इंग्लंडच्या उमरावांची मोटार. पंगतीची दोन टोके इतकी लांब यापूर्वी कुणी मांडली होती काय?

लोक हसले. त्यातच त्या वर्षी जगभर पैशाचा दुष्काळ पडला, आणि २००८-०९ च्या एकत्रित हिशेबात टाटा मोटर्सला तोटा आला. पण टाटांनी एक गोष्ट केली, किंवा असे म्हणू या की केली नाही. त्यांनी दत्तकाचे नाव बदलले नाही. त्या गाड्यांवर 'टाटा' हे अक्षर कुठे लावले नाही. त्यांची आखणी इंग्लंडातच, त्यांच्याच माणसांकडे राहू दिली. पैसा पुरवला आणि धीर धरला. काही वर्षांत फळ असे आले, की टाटा मोटर्सच्या नफ्याचा मोठा भाग त्या इंग्रज दत्तकाकडूनच येऊ लागला. फोर्डच्या घरात रुजलेल्या काही बियांची फळे टाटांच्या ओच्यात पडली, हेही खरे. इव्होकचा पहिला नमुना फोर्डच्या अमलातच, २००८ च्या जानेवारीत लोकांपुढे आला होता. पण लावलेल्या झाडाला पाणी घालीत राहणे हेही काही थोडके काम नव्हे.

आमच्या शेजारचे अण्णा पिंपरीच्या कारखान्यात एकतीस वर्षे होते. सुमंत मूळगावकरांच्या शिस्तीच्या गोष्टी सांगताना आजही त्यांचा आवाज बदलतो. २०१९ साली टाटांची हॅरिअर निघाली, पुण्यातच बनलेली. तिचा सांगाडा लँड रोव्हरच्या डिस्कव्हरी स्पोर्टच्या सांगाड्यावरून घेतला होता. म्हणजे डेट्रॉइटवाल्यांच्या युरोपातल्या चुलीवरचा विस्तव इंग्लंडमार्गे पिंपरीला आला म्हणायचा! मी अण्णांना म्हटले, "अण्णा, पहिल्या पंगतीतले वाढप आता दुसऱ्या पंगतीत आले की हो." अण्णा हसले. म्हणाले, "अहो, सांगाड्याला कुठं ठाऊक असतं वर कोण बसणार ते? करणाऱ्यानं दोन्हीकडे वेल्डिंग सारखंच करायचं असतं."

अण्णांचे हे बोलणे ऐकले आणि मला वाटू लागले, की आपण आजवर प्रश्नाच्या एकाच बाजूकडे पाहत होतो. मोठ्या घरात मानाची गाडी कशी सांभाळावी, याचीच चर्चा सगळे करतात. साध्या गाडीचे काय? नॅनो खपली नाही, आणि २०१८ साली तिचे उत्पादन थांबले. कारणे अनेक, पण पुढे रतन टाटांनीच बोलून दाखवले, की 'सर्वांत स्वस्त गाडी' म्हणून तिची जाहिरात झाली ते योग्य झाले नाही. किती खरे आहे! पत्रावळीवर जेवायला कुणाची ना नसते. पण ही दुसरी पंगत आहे, असे ओरडून सांगितल्यावर घास गोड कसा लागावा? स्कूटरवरून उतरून मोटारीत बसणाऱ्या त्या चौघांना मोटार हवी होती. आपण गरीब आहोत याची पावती नको होती. उलट टोयोटाकडे पाहा. लेक्ससचा एवढा डामडौल झाला, पण कॅम्रीवाल्याला आपण मागच्या रांगेत आहोत असे कधी वाटू दिले गेले नाही. कॅम्रीच्या आमटीत पाणी पडले नाही. म्हणूनच त्या चुलीवरची लेक्ससही चवदार लागली.

मला वाटते, मानाच्या नावाची जागा मोठ्या घरात कुठे, याचे उत्तर इथेच आहे. ते नाव घराच्या माथ्यावर कळसासारखे असते हे खरे. पण कळस चढतो तो भिंती पक्क्या असतात म्हणून. ज्या घरात साधी गाडी मन लावून केली जाते, त्याच घराला भारी गाडी शोभते. आणि दत्तक आलेल्याला त्याचे नाव ठेवू देण्याइतके जे घर मोठे असते, त्याचेच नाव पुढे त्याच्यामुळे मोठे होते. दत्तकाचे पुढे काय होईल ते मात्र त्याच्या नशिबावर आणि कर्तृत्वावर. जग्वारने २०२४ साली आपले चिन्ह बदलले, जुन्या गाड्या आटोपत्या घेतल्या आणि आधीच जाहीर केल्याप्रमाणे यापुढे विजेवर चालणाऱ्या गाड्याच करायची वाट धरली. अनेकांनी नाके मुरडली. घराने मात्र पाठीवरचा हात काढला नाही. त्याच वर्षी ऑक्टोबरात रतन टाटा गेले.

आणि त्याच वर्षी आणखी एक गोष्ट घडली. जी रेंज रोव्हर तोवर इंग्लंडबाहेर कुठे बांधलीच गेली नव्हती, ती पुण्यात बांधली जाऊ लागली. ज्या गावात इंडिका घडली, हॅरिअर घडली, त्याच गावच्या हातांनी आता हीही घडते. संध्याकाळी पाळी सुटल्यावर घरी परतणाऱ्या माणसांच्या हातांकडे पाहून, कुणी दिवसभर कोणत्या पंगतीचे वाढले, हे ओळखून दाखवावे.

पाडव्याच्या मुहूर्तावर आपल्यापैकी पुष्कळांच्या दारी नवी गाडी येईल. कुणाची भारी, कुणाची साधी. कुणाची जुनीच, पण धुऊनपुसून लख्ख केलेली. घरची लक्ष्मी तिला हळदकुंकू लावील, चाकाखाली लिंबू ठेवील आणि नाकावर झेंडूचा हार घालील. त्या हाराखाली गाडीवरचे नाव काही वेळ झाकले जाते. तेवढ्या वेळापुरती सगळ्या गाड्यांची एकच पंगत होते, आणि दिवाळीच्या दिवशी ते बरेही दिसते.